‘आमचे गुरुजी सध्या घरीच असतात’



या पानावर आपण दर वेळी हिशोब, कर्जफेड नाहीतर एखादी योजना समजून घेतो. आजचा विषय कोणत्याच रजिस्टरात बसत नाही. पण बैठक संपली, सह्या-अंगठे झाले, सतरंजी गोळा करायला लागलो की हमखास कुणीतरी मागं थांबतं आणि हळूच म्हणतं, “मॅडम, मालक घरीच बसून आहेत. काय करावं कळंना.” कुणाचा नवरा पुण्याकडच्या कंपनीतून परत आलेला, कुणाचा ट्रॅक्टर बँकेनं ओढून नेलेला, कुणाचा नुसताच शिकलेला. हे बोलणं सतरंजीपाशीच संपतं. आज ते पानावर घेऊ.

औंढा तालुक्यातल्या एका ताईंना विचारून त्यांची गोष्ट सांगते. गावाचं नाव देत नाही, काही तपशील बदललेत. त्यांची एकच अट होती, “आमच्या मालकाला वाईट माणूस करू नका.”

ताईंचं लग्न २०१० चं. मुलगा डी.एड. झालेला. तुमच्यातल्या ज्यांची लग्नं त्या काळात झाली त्यांना आठवत असेल, डी.एड. म्हणजे नोकरी खिशातच. गावोगावी कॉलेजं निघाली होती आणि डी.एड.वाल्या पोराला स्थळांची रांग होती. ताईंच्या वडिलांनी एक एकर विकून लग्न करून दिलं. (हुंडा म्हणायचं नाही, तो गुन्हा आहे, म्हणून सगळे ‘लग्न करून दिलं’ म्हणतात.) त्याच वर्षी शिक्षक भरतीची सीईटी झाली. यांचा नंबर थोडक्यात हुकला. सासू म्हणाली, पुढच्या भरतीत लागतोच की.

पुढची भरती आली नाही. २०१२ ला शासनानं शिक्षक भरती थांबवली. २०१३ च्या डिसेंबरात टीईटी आली, म्हणजे डी.एड. असून वर आणखी एक परीक्षा. २०१७ च्या डिसेंबरात अभियोग्यता चाचणी आली, मग पवित्र पोर्टल. प्रत्येक वेळी फॉर्म, प्रत्येक वेळी पुस्तकं, प्रत्येक वेळी “यंदा होतंय.” मधल्या काळात गुरुजींनी एका विनाअनुदानित शाळेत सहा वर्षं शिकवलं. पगार जवळपास नाहीच. अनुदान आलं की सगळं निघंल, या आशेवर. लॉकडाऊनमध्ये शाळा बंद पडली, उघडली तेव्हा यांना बोलावणं आलं नाही. आता चाळिशीला आलेत. गाव अजून गुरुजीच म्हणतं. “आधी गुरुजी म्हणायचे तवा बरं वाटायचं. आता कुणी हाक मारली की हे घरात येऊन बसतात,” ताई सांगत होत्या.

ताई मात्र या काळात वर येत होत्या. गटात आल्या, अंतर्गत कर्जातून हळद-मिरची दळायची चक्की घेतली. आपल्याकडं हळदीला तोटा नाही, हिंगोलीचा बाजार जवळ. पाव किलोची पाकिटं जायला लागली. दोन वर्षांत घरखर्च, पोरांची फी, सासूची गोळ्या-औषधं सगळं चक्कीवर. तालुक्याच्या मेळाव्यात ताईंना स्टेजवर बोलावून सत्कार केला. त्या रात्री नारळ आणि शाल घेऊन घरी आल्या तर गुरुजी म्हणाले, “बैल थकला की त्याला बाजार दाखवतात. मला कधी दाखवता?”

ताईंना राग आला नाही, भीती वाटली. म्हणून त्या सतरंजीपाशी थांबल्या.

आता माझी चूक सांगते, कारण तुमच्यापैकी कुणी तीच करायच्या बेतात असेल. मी समाजकार्याचं शिक्षण घेतलेली, माझं स्वतःचं लग्न झालेलं नाही. मला वाटलं, सोपं आहे. शिकलेला माणूस आहे, हाताला काम द्या. त्यांच्या गटाचं दप्तर लिहायला कुणी धड नव्हतं. मी सुचवलं, गुरुजी लिहितील. अक्षर तर मोत्यासारखं.

पहिल्या महिन्यात प्रोसिडिंग इतकं छान आलं की मी ऑफिसात दाखवलं. दुसऱ्या महिन्यात गुरुजी बैठकीत खुर्चीवर आणि बाया खाली. तिसऱ्या महिन्यात कर्ज कुणाला द्यायचं ते गुरुजी सांगायला लागले, अध्यक्ष मान हलवायला लागल्या. दोघी-तिघींनी येणंच सोडलं. ताईंनी मला फोन केला. म्हणाल्या, “मॅडम, घरात एक मास्तर पुरे होता. तुमी गटाला बी दिला.”

दप्तर परत सचिवांकडं गेलं. गुरुजींना ते लागलं, आठ दिवस बोलले नाहीत. बाहेरून बघणारीला वाटतं माणसाला काम दिलं की झालं. पण दुसऱ्याच्या हातातलं काढून दिलेलं काम टिकत नाही, आणि गट हा काही नवऱ्यांना सावरायचा दवाखाना नाही. आपल्या दप्तराला बाईचाच हात राहू द्या, अक्षर वाकडं आलं तरी.

मग मी परत पुस्तकं उघडली. कॉलेजात एक अभ्यास वाचला होता, तेव्हा परीक्षेपुरता. ऑस्ट्रिया देशात व्हिएन्ना शहराजवळ मारिएन्थाल नावाचं गाव. सगळं गाव एका कापड गिरणीवर जगायचं. १९२९-३० मध्ये गिरणी बंद पडली आणि जवळपास अख्खं गाव बेकार झालं. १९३१-३२ मध्ये व्हिएन्नाहून अभ्यासक आले. त्यांच्यात मारी याहोडा नावाची बाई होती, विशीतलीच, माझ्याएवढी. त्यांनी नुसते प्रश्न विचारले नाहीत. गावातच राबले, कपडे वाटले, शिवणाचे वर्ग घेतले, आणि खिडकीत बसून रस्त्यानं लोक कसे चालतात तेसुद्धा मोजलं.

त्यांना दिसलं की पुरुष हळू चालतात. चार पावलं गेले की थांबतात, भिंतीला टेकतात. बाया मात्र झपाझप जातात. पुरुषांना दिवसभराचं लिहायला सांगितलं तर सकाळी उठलो, दुपारी जेवलो, रात्री झोपलो, आणि मधलं त्यांना आठवेचना. गावातलं वाचनालय फुकट केलं, तरी वाचणारे कमी झाले. ज्यांना आयुष्यभर वेळ मिळाला नाही त्यांना सगळा दिवस मिळाला आणि तो हातातून सांडून गेला. बायांचं उलट. गिरणीतली मजुरी गेली होती, पण चूल, पोरं, ठिगळं लावणं काही गेलं नव्हतं. त्यांचा पैसा गेला, काम नाही.

हे मी एका बैठकीत सांगितलं तर एक मावशी म्हणाल्या, “मंग आमाला कुटं बेकारी आली हो कधी? मी सासरी आल्यापासून एक दिवस रिकामी नाही बसले. बाई घरी बसली की ती घरचीच, बाप्या घरी बसला की तो बेकार.” सगळ्या हसल्या. मावशींना द्यायला माझ्याकडं उत्तर नव्हतं, अजूनही नाही.

याहोडाबाईंनी पुढं आयुष्यभर याच प्रश्नावर काम केलं. त्यांचं म्हणणं असं की कामातून मजुरीशिवाय आणखी पाच गोष्टी मिळतात, त्या आपल्याला दिसत नाहीत. दिवसाला बांध पडतो, सकाळ कुठं संपली आणि दुपार कुठं लागली ते कळतं. घराबाहेरची माणसं भेटतात. आपण चार जणांच्या मिळून एखाद्या कामात आहोत असं वाटतं. ‘तुम्ही काय करता’ याला उत्तर असतं. आणि हातपाय चालते राहतात. पगार गेला की या पाचही गोष्टी एकदमच जातात. बायको पगाराची जागा भरून काढू शकते. बाकीच्या पाच तिला भरून देता येत नाहीत. म्हणूनच घरात पैसा येत असून माणूस आतून खचत जातो, आणि बायकोला कळत नाही की मी एवढं करतेय तरी हे असे का.

आपल्या राज्यातही हे झालंय. १८ जानेवारी १९८२ ला मुंबईच्या गिरण्यांचा संप सुरू झाला. सुमारे अडीच लाख कामगार त्यात उतरले. संप कधी रीतसर संपलाच नाही. हजारो कामगार परत कामावर घेतले गेले नाहीत, पुढं गिरण्याही बंद पडत गेल्या. सांच्यावर उभं राहून ज्यानं जवानी घालवली, तो चाळीच्या गॅलरीत बसला. घर चाललं ते बायांच्या डब्यांवर, खानावळीवर, शिवणावर, धुण्याभांड्यांवर. त्याआधीच, १९७५ ला, प्रेमा पुरव यांनी गिरणगावातल्या खानावळवाल्या बायांना जोडून अन्नपूर्णा महिला मंडळ उभं केलं होतं, सावकाराऐवजी बँकेचं कर्ज मिळवून दिलं होतं. बचत गट हा शब्द गावात यायच्या कितीतरी आधीची गोष्ट आहे ही.

परत औंढ्याच्या घरात येऊ. भांडण कशावरून व्हायचं हे मी ताईंना लिहून ठेवायला सांगितलं. पंधरा दिवसांत लक्षात आलं, भाजीत मीठ, पोराचे मार्क, सासूचं बोलणं ही निमित्तं. मूळ एकच. गुरुजींना पेट्रोलला, चहाला, रिचार्जला पन्नास-शंभर रुपये मागावे लागायचे. ताई पिठाच्या डब्यातून काढून द्यायच्या, आणि देताना “कशाला?” विचारायच्या. सहज विचारायच्या, सगळ्या बायका विचारतात. पण मागणाऱ्याला तो शब्द कसा लागतो ते मागितल्याशिवाय कळत नाही. आणि खरं सांगू, आपल्याला ते चांगलं कळायला पाहिजे. वर्षानुवर्षं साडीला, माहेरी जायला, पोरीच्या औषधाला आपणच हात पसरत होतो.

तोडगा साधा निघाला. एक तारखेला दोघांनी बसून महिन्याचा हिशोब करायचा, गटात करतो तसा: आवक किती, फी किती, हप्ता किती. त्यातून दोघांच्या हातखर्चाचे सारखे पैसे बाजूला. त्यांचे त्यांच्या खिशात, ताईंचे ताईंकडं. त्याचं काय केलं ते कुणी कुणाला विचारायचं नाही. पहिल्यांदा ताईंनी स्वतःच्या नावाला हातखर्च बाजूला काढला हेही यातच झालं. हप्त्याचे आणि चक्कीचे पैसे मात्र ताईंच्या खात्यावर, त्याला हात नाही. कुरबुर झाली, पण डब्यापुढचं भांडण थांबलं.

दुसरी गोष्ट ताईंनी नाही, त्यांच्या पाचवीतल्या पोरानं केली. त्याला नवोदयच्या परीक्षेला बसायचं होतं. गुरुजी त्याचं गणित घ्यायला लागले. शेजारची दोन पोरं येऊन बसली. आज संध्याकाळी सहाला त्यांच्या ओसरीवर चौदा-पंधरा पोरं असतात. फी काही जण देतात, काही गहू-तूर देतात, काही काहीच देत नाहीत. पैसा फारसा नाही. पण सहाला वर्ग म्हणजे पाचला आंघोळ, दाढी, स्वच्छ शर्ट. दुपारी स्टँडवर बसणं आपोआप कमी झालं. याहोडाबाईंचा तो दिवसाचा बांध म्हणतात तो हाच असावा.

पाणीही भरतात आता. पण पहाटे, अंधारात. गावानं बघू नये म्हणून. ताई हे सांगताना हसतात. मी म्हटलं, हसू नका त्यांच्यासमोर. हंडे भरले ना? उजेडाचं पुढं बघू.

सगळं गोड झालं असं समजू नका. मधेच एखाद्या दिवशी कुणीतरी पारावर बोलतं, “गुरुजी, तुमचं बरंय, बायको कमावती.” नाहीतर १५०० रुपये आले की लाडक्या बहिणीवरून टोमणा, “सरकार बी बायकांचंच.” त्या दिवशी जेवण होत नाही. ताईंनी एक शिकून घेतलंय, पारावरचं भांडण घरात आलं की लगेच उत्तर द्यायचं नाही. आणि दोन वाक्यं त्यांनी सोडलीत. एक, “लोकांचे नवरे बघा.” दुसरं, “तुमच्यानं काय होतंय?” दुसरं त्या लाडानंही म्हणायच्या, तरी सोडलं.

कर्जाबद्दल इथंच बोलते, कारण यात बऱ्याच जणी अडकल्यात. नवरा खचलेला बघवत नाही म्हणून आपण गटातून आपल्या नावावर कर्ज काढतो आणि त्याला टपरी, म्हशी, जुनी गाडी घेऊन देतो. काढायलाच नको असं नाही. पण काढायच्या आधी धंद्याचा कागद करा: माल कुठून येणार, विकायचा कुठं, पहिला हप्ता कशातून. आणि तो कागद नवऱ्यानं स्वतः गटापुढं मांडू द्या. जो मांडायला तयार नाही त्याला ते काम करायचं नाहीये, त्याला तुमचं समाधान करायचंय. फेडायची सही तुमची असते, हे लक्षात ठेवा.

आता अवघड भाग. ऐकताना काही जणी माझ्याकडं बघत होत्या आणि त्यांच्या डोळ्यांत होतं, मॅडम, आमचे गुरुजी नाहीत, आमचे मारतात. तुमच्यासाठी वरचं हिशोबाचं, बोलण्याचं सगळं दुय्यम आहे. बेकारीमुळं माणूस चिडतो हे खरं. बेकारीमुळं त्याला हात उचलायची मोकळीक मिळत नाही. आणि मारहाणीपुरताच कायदा नाही. घरगुती हिंसाचाराचा २००५ चा कायदा आहे, त्यात आर्थिक छळही हिंसाच धरलाय. तुमची मजुरी, गटाचे पैसे, दागिने जबरदस्तीनं काढून घेणं त्यात येतं. १८१ हा महिलांसाठी फोन आहे, जीवावर बेतलं तर ११२. जिल्ह्याच्या ठिकाणी सखी वन स्टॉप सेंटर असतं. संरक्षण अधिकाऱ्याकडं तक्रार करायला वकील लागत नाही. एकटीला जायची भीती वाटत असेल तर मला सांगा, मी बरोबर येते.

आणि दुसरी भीती, जी ताईंना त्या रात्री वाटली. आपल्या मराठवाड्यात हा विषय टाळून चालत नाही. माणूस जेवण सोडतो, रात्र रात्र जागतो, आवडीच्या गोष्टीतूनही मन काढतो, “मी नसलो तरी तुमचं चालंल” असं बोलायला लागतो, उधारी-उसनवारीचे हिशोब अचानक मिटवायला लागतो, तेव्हा ते नाटक समजू नका. सरळ विचारा, “जिवाचं काही बरंवाईट करायचं मनात येतंय का?” विचारल्यानं विचार डोक्यात शिरत नाही. उलट अनेकदा माणूस पहिल्यांदाच मोकळा होतो. फवारणीचं औषध घरात उघड्यावर ठेवू नका, कुलपात ठेवा, चावी आपल्याकडं. असा राग-निराशेचा झटका बऱ्याचदा काही वेळानं ओसरतो, तेवढ्या वेळात हाताशी डबा नसणं यावर जीव वाचतो. माणसाला त्या वेळी एकटं सोडू नका. १४४१६ हा टेलिमानसचा फोन आहे, रात्रंदिवस, फुकट, मराठीत बोलतात. मराठवाडा-विदर्भातल्या शेतकऱ्यांसाठी आरोग्य विभागाचा प्रेरणा प्रकल्प निघालाय. तुमच्या आशाताईंना विचारा, त्या जिल्हा रुग्णालयापर्यंत नेतील. मनाचा डॉक्टर म्हणजे वेड्याचा डॉक्टर नाही. ताईंनी गुरुजींना नेताना “मला झोप येत नाही, माझ्यासोबत चला” असं म्हणून नेलं. दोघांनीही दाखवलं. दोघांनाही गोळ्या लागल्या.

गटानं काय करावं, असं एका अध्यक्षांनी विचारलं. माझ्या मते सगळ्यात आधी, बैठकीतलं बैठकीत ठेवा. सतरंजीपाशी सांगितलेलं दुसऱ्या दिवशी नळावर पोचलं, तर ती बाई पुन्हा कधी तोंड उघडणार नाही. आणि हप्ता थकला म्हणून सगळ्यांसमोर तिचा नवरा काढू नका. हप्त्याचं बोला, मुदत वाढवून द्या, दंड घ्यायचा तर घ्या, पण हप्त्याचंच बोला.

पुढच्या बैठकीसाठी एक काम देते, मारिएन्थालमध्ये केलं तेच. कालचा दिवस कागदावर उतरवून आणा. पहाटे उठल्यापासून झोपेपर्यंत, तासातासाचं. अर्ध्या पानावर स्वतःचा, अर्ध्या पानावर मालकाचा, त्यांनाच विचारून. घरात कुणाला काम नसेल किंवा काम असूनही असंच असेल, तरी आणा. लिहिता येत नसेल तर पोरीकडून लिहून घ्या. कागद ऑफिसात जमा करायचा नाही, मीही बघणार नाही. बैठकीत ज्यांना वाचावंसं वाटेल त्यांनी वाचा, बाकीच्यांनी घडी करून परत घरी न्या.